कॅथरीनचे दोन चिमटे

मी एक हार्ड डिस्क बोलतेय. बोलतेय म्हणजे, बोलायचं राहून गेलंय म्हणून बोलतेय. पत्र्याच्या एका बिस्किटांच्या डब्यात मी किती वर्षं पडून आहे, याचा हिशेब मी सोडून दिलाय. सोबतीला व्हायोलिनच्या गजाला लावायच्या राळेचा एक खडा, तुटलेल्या तारांची वेटोळी आणि कपड्यांना लावायचे दोन लाकडी चिमटे आहेत. बिस्किटं केव्हाच संपली.

माझ्या पाठीवर पांढरी चिकटपट्टी आहे. तिच्यावर वाकड्यातिकड्या अक्षरांत एकच शब्द लिहिलाय: शॉनाची. मी जिची, तिनंच मला दोनदा नाकारलं.

माझा जन्म समुद्रापलीकडच्या एका कारखान्यात झाला. तिथे धुळीचा कणही आत सोडत नसत. डोक्यापासून पायापर्यंत पांढऱ्या कपड्यांत गुंडाळलेल्या बायांनी मला जुळवलं, फिरवून पाहिलं आणि पास केलं. आम्हाला संस्कार एकच मिळतो: दिलेलं सांभाळायचं आणि मागितलं की जसंच्या तसं परत करायचं. मी ते व्रत मोडलेलं नाही. माणसांचं मला सांगू नका.

कॅनडाच्या पश्चिमेला अल्बर्टात, तेलाच्या कामावर असलेल्या नील गिलिसनं आमचा पिवळट रंगाचा कॉम्प्युटर विकत घेतला आणि घरी पाठवला. घर पार दुसऱ्या टोकाला, केप ब्रेटन बेटावरच्या ग्लेनडू गावात. बेटावरचे निम्मे बाप पश्चिमेलाच असतात. पत्रं लिहायचा त्यांना कंटाळा, म्हणून कॉम्प्युटर. पुढच्या खोलीत पियानो आणि फोन यांच्यामध्ये आमची स्थापना झाली. तिथून स्वयंपाकघरातलं सगळं ऐकू यायचं. आणि त्या घरात ऐकण्यासारखं फार होतं.

घरात तिघं. नीलची बायको आयलीन, त्यांची सोळा वर्षांची मुलगी शॉना आणि आयलीनचे वडील डंकन. गावात डंकन नावाचे नऊ जण, म्हणून याला सगळे डंकन जॉन रॉरी म्हणायचे, म्हणजे रॉरीच्या जॉनचा डंकन. हाक मारली की बाप आणि आजा आपोआप सोबत यायचे. डंकन फिडल वाजवायचा. व्हायोलिनच ते, पण त्या गावात कुणी व्हायोलिन म्हटलं तर लोक त्याला परगावचा समजून चहा जास्त देत. शॉना सात वर्षांची असल्यापासून त्याला पियानोवर साथ करायची. म्हातारा तिच्याकडे बघायचासुद्धा नाही, नुसता पाय आपटायचा. तेवढ्यावर तिला कळायचं, पुढे काय येणार ते.

मी आले त्याच्या आदल्या वर्षी त्याची बायको कॅथरीन गेली होती. तिचा एप्रन अजून दाराच्या खुंटीला होता. तो काढायचं नाव कुणी घेत नव्हतं.

शॉनानं पहिल्याच आठवड्यात गाणी उतरवायचा प्रोग्राम माझ्यात टाकला. आधीच्या एका प्रोग्रामला तिकडे अमेरिकेत कोर्टानं टाळं लावलं होतं, तर त्याच्या जागी चार नवे उगवले होते. शाळेची बस साडेतीनला सोडायची. चार वाजता फोनची तार कॉम्प्युटरला लागायची आणि मग जेवणापर्यंत त्या घरी कुणाचा फोन लागायचा नाही. एकेका गाण्याला अर्धा अर्धा तास. एकोणतिसाव्या मिनिटाला लाइन तुटली की पुन्हा पहिल्यापासून. एवढ्या वेळात ती ते गाणं वाजवायला शिकली असती.

या प्रोग्रामची एक रीत होती. त्याला एक फोल्डर नेमून द्यायचा आणि त्या फोल्डरमध्ये जे काही पडेल ते सगळ्या जगाला उघडं. आपलं ठेवावं झाकून आणि दुसऱ्याचं पाहावं वाकून, ही म्हण इथे चालत नव्हती. वाकून बघायला गेलं की आपलंही दार सताड उघडं राहायचं. शॉनानं त्या प्रोग्रामच्या अटींचा कागद न वाचताच 'मान्य' म्हटलं. तो कागद जगात कुणीच वाचलेला नाही.

एकदा आयलीननं भांडी विसळता विसळता विचारलं, "फुकट गाणी घ्यायची, याला चोरी नाही का गं म्हणत?"

"चोरी म्हणजे दुसऱ्याची वस्तू नाहीशी होते, आई. इथे काय नाहीसं झालं? त्याचं त्याच्याकडे राहिलं, माझ्याकडेही आलं."

"बातम्यांत तर खटले भरणार म्हणतायत."

"कुणाकुणावर भरतील? अख्खी शाळा तुरुंगात टाकावी लागेल, सरांसकट." शॉना खुर्चीतच वळली. "आणि आजोबांचं काय? त्यांनी जन्मात एका तरी धुनेचे पैसे दिलेत का? इकडून तिकडून ऐकूनच उचलल्यात ना सगळ्या?"

डंकन ओट्सची पोळी चहात बुडवत होता. या पोरीचं बोलणं त्याला आवडायचं. "उचलल्यात. खरंय," तो म्हणाला.

"बघ!"

"रेड अँगसची ती नाचाची धून, ती रील आहे ना, ती उचलायला मी बर्फातून सात मैल चालत गेलो. त्याचा गोठा साफ केला. त्याच्या बायकोच्या हातचं कोबीचं सूप प्यालो, आणि ते सूप कसलं होतं ते देवालाच माहीत. तीन रविवार लागले. अँगसनं एक पैसा मागितला नाही. पण आज पन्नास वर्षं झाली, वाजवायच्या आधी मी काय म्हणतो?"

"'ही रेड अँगसकडून घेतली,'" शॉना कंटाळलेल्या सुरात म्हणाली. पाठच होतं तिला.

"एकदा जरी विसरलो असतो, तर त्यानं पुढच्या रविवारी आतून कडी घातली असती. आणि बरोबर केलं असतं." त्यानं पडद्याकडे बोट दाखवलं. "हे आत्ता येतंय, ते तू कुणाकडून घेतेयस?"

शॉनानं पडद्यावरचं टोपणनाव वाचलं, "'बर्फाळबोका सत्तर'."

"कुठला हा? कुणाचा मुलगा?"

"मला काय माहीत!"

"त्याला सांग, डंकन जॉन रॉरीनं विचारलंय म्हणून. आणि सूप कसं आहे तेही विचार."

तिघंही हसली. मीही मनात हसले. तेव्हा आमच्यात सगळं गोड होतं.

मार्च महिन्यात एक दिवस एवढा बर्फ पडला की शाळेची बस आलीच नाही. कॅथरीनला जाऊन त्याच आठवड्यात वर्ष झालं होतं. डंकननं फिडलची पेटी उघडली आणि शॉनाला म्हणाला, "ते तुझं यंत्र नुसतं घेतंच, की काही ठेवतंही?"

"ठेवतं की."

"मग एक ठेवायचीय."

एवढ्या वर्षांत त्यानं दुसऱ्यांच्या धुना वाजवल्या, दुसऱ्यांची नावं घेतली. ही एकच त्याची स्वतःची. कॅथरीन गेल्यावर केलेली. तिचं नाव 'कॅथरीनची कपड्यांची दोरी'. तिच्या सुरुवातीला दोन बारीक सूर होते, मुख्य चाल सुरू व्हायच्या आधी, उंबरठ्यावर पाय ठेवावा तसे. डंकन त्यांना चिमटे म्हणायचा. कॅथरीन कपडे वाळत घालायची तेव्हा आधी दोन चिमटे तोंडात धरायची आणि मग कपडा उचलायची. चिमटे तोंडात असले की तिला बोलता यायचं नाही. डंकन नेमकं तेव्हाच तिच्याशी भांडण काढायचा. पन्नास वर्षांत जिंकलेली भांडणं तेवढीच, असं तो सांगायचा.

शॉनानं मायक्रोफोन पियानोच्या कडेला ठेवला. म्हाताऱ्यानं घसा साफ केला आणि म्हणाला, "ही कॅथरीनची कपड्यांची दोरी. कॅथरीनकडून घेतली. डंकन जॉन रॉरी." मग पाय आपटला आणि ते दोन चिमटे वाजले.

अकरा सेकंदं त्याचं बोलणं आणि पुढे तीन मिनिटं धून. ती माझ्यात उतरली तेव्हा मला पहिल्यांदा वाटलं, आपण नुसतं गोदाम नाही. माझ्यात जमलेली शेकडो गाणी कुणाच्या तरी घरून आलेली होती, त्यांची नावगावं मला ठाऊक नव्हती. हे एक गाणं मात्र माझ्यासमोर जन्मलं होतं. शेवटचा सूर संपल्यावर शॉना उठली आणि तिनं आजोबांच्या खांद्यावर डोकं टेकवलं. म्हातारा म्हणाला, "पियानो थोडा घाईत होता."

त्याच वसंतात गावच्या चर्चतर्फे बर्निस नावाच्या बाई गावातल्या वादकांची एक सीडी काढत होत्या. त्या घरी येऊन डंकनला म्हणाल्या, "बारावी जागा तुझी. शेवटची. पण दुसऱ्या कुणाची नाही हं, या खेपेस तुझीच धून हवी." डंकननं आढेवेढे घेतले, पण त्या दिवशी त्यानं संध्याकाळी दाढी केली. त्याचं वाजवणं सीडीसाठी सगळ्यांच्या शेवटी, सप्टेंबरअखेर टिपून घ्यायचं ठरलं. कॅथरीनचं नाव छापून येणार होतं. त्याला दुसरं काही नको होतं.

आता विश्वासघाताकडे येते. तो वैरानं झाला असता तर मी विसरलेही असते. झाला तो प्रेमानं, म्हणून गिळता येत नाही.

शॉनानं ती धून सगळ्या जगाला उघड्या असलेल्या त्या फोल्डरमध्ये ठेवली, खऱ्या नावानं. आजोबांना जगानं ऐकावं, असं तिला वाटत होतं. ती रोज चारला येऊन बघायची. दोन आठवडे गेले, एकानंही ती घेतली नाही. कोण शोधणार डंकन जॉन रॉरीला? पोरीचा चेहरा पडायचा. मग एका दुपारी तिनं त्या धुनेची एक प्रत काढली आणि कात्री चालवली. म्हाताऱ्याचं बोलणं कापून टाकलं, कारण मैत्रिणी त्या गावठी आवाजाला हसल्या असत्या. हात घाईत होता, त्यामुळे बोलण्यासोबत ते दोन चिमटेही गेले. तिच्या लक्षातही आलं नाही. आणि मग तिनं त्या प्रतीला नाव दिलं 'ग्रे हेरन'.

ग्रे हेरन हा तेव्हा गाजत असलेला बँड. त्यांचं नाव कुणीही शोधायचं. त्या बिचाऱ्यांना यातलं काहीच ठाऊक नव्हतं, त्यांना मी बोल लावत नाही. तासाभरात नॉर्वेतल्या कुणीतरी ती धून उचलली. मग बॉस्टनमध्ये, मग आणखी कुठे. शनिवारपर्यंत चाळीस जणांनी नेली. शॉना टाळ्या पिटत खुर्चीत गोल फिरली. "नॉर्वे, आजोबा! नॉर्वेत ऐकतायत तुम्हाला!" ती पुटपुटली, पण स्वयंपाकघरात जाऊन मात्र सांगितलं नाही. हलवायाच्या घरावर तुळशीपत्र ठेवून ती दानशूर झाली होती, आणि हलवाई पलीकडच्या खोलीत चहा गाळत होता.

मला कळत होतं. पण मी काय करणार? दार उघडं ठेव म्हणाली, मी ठेवलं. माझ्याकडून नेलेलं मी कधी परत मागू शकत नाही. त्या दिवशी मला माझ्या जातीचीच लाज वाटली.

जुलैत चर्चच्या मैदानावर गावाचा उन्हाळी मेळा झाला. मी तिथे नव्हते, पण दुसऱ्या दिवशी आयलीन शेजारणीला सांगत होती ते सगळं ऐकलं. कॉलम नावाच्या चौदा वर्षांच्या मुलानं स्टेजवर येऊन कॅथरीनची दोरी वाजवली.

"आणि वर म्हणतो काय, ही ग्रे हेरनची धून, इंटरनेटवरून घेतली! मी उठलेच होते. बाबांनी हात धरून खाली बसवलं. म्हणाले, पोराचा काय दोष, त्यानं नाव घेतलं ना, त्याला मिळालं ते."

"मग?"

"मग काय, मुलगा खाली आल्यावर त्याच्या पाठीवर थाप मारली. फक्त एवढंच विचारलं, सुरुवातीचे दोन सूर कुठे ठेवलेस? तो म्हणाला, काका, तिथे दोन सूर नाहीतच."

डंकन तेव्हाच समजला असणार. कानानं उचलणारा माणूस सूर चुकवतो, बदलतो, चार सूर जास्तीचे घालतो. पण दारातले दोनच सूर असे साफ कापले जात नाहीत. ते कात्रीचं काम. आणि कात्री ज्या घरात होती ते घर एकच.

तरी तो बोलला नाही. शॉनाही बोलली नाही. ती त्या संध्याकाळी जेवली नाही, पोट दुखतंय म्हणाली. चोराच्या मनात चांदणं.

सप्टेंबरात एका गुरुवारी सीडी छापणाऱ्या कंपनीचं पत्र आलं. कायद्याची भाषा होती. बारावी धून ग्रे हेरनच्या नावावर सर्वत्र फिरत असल्याचं कळवण्यात आलं आहे, तेव्हा मूळ मालकांची लेखी परवानगी आणावी, अन्यथा ती वगळावी लागेल. म्हणजे बघा गंमत. जगभर ज्यांनी फुकट नेली त्यांना कुणी हटकलं नाही, आणि ज्यानं केली त्याच्या दारात कायदा परवानगी मागत उभा राहिला.

आयलीन आणि डंकन दुकानात गेले होते. पत्र टेबलावर उघडं पडलं होतं. शॉना बसमधून उतरली, तिनं ते वाचलं आणि तशीच, कोटही न काढता, माझ्यासमोर येऊन बसली. पावणेचार वाजले होते. तिनं तो अख्खा फोल्डर पुसून टाकला. त्यात चोरलेली गाणी होती, कापलेली प्रत होती आणि म्हाताऱ्याच्या आवाजातली मूळ धूनही होती. वेगळी काढायलासुद्धा ती थांबली नाही.

तासाभरानं आयलीन पत्र वाचून उसळली. "पुरावा हवाय? पुरावा आहे आपल्याकडे! बाबांच्या आवाजात नावासकट आहे, फाइलवर तारीखही आहे. शॉना, लाव गं ती. हीच पाठवू त्यांना."

शॉना कॉम्प्युटरपाशी आली. काहीतरी शोधल्यासारखं केलं. आणि म्हणाली, "नाहीये."

"नाहीये म्हणजे?"

"ही डिस्क खराब आहे, आई. व्हायरस आला असेल. यंत्रानंच खाल्ली. त्यानंच बाहेरही पाठवली असणार, मला काय माहीत! असतंच असं या फालतू यंत्रांचं."

माझ्यावर ढकलून मोकळी झाली. जिच्या वहीतल्या कविता मी सांभाळल्या, जिनं बापाला लिहून न पाठवलेली पत्रं माझ्यात ठेवली, तिनं मला चोर आणि खादाड ठरवलं. मला तोंड असतं तर त्या क्षणी मी ओरडले असते. डंकन दारात उभा होता. त्यानं नातीकडे पाहिलं, मग माझ्याकडे पाहिलं आणि मग जाऊन चहाचं आधण ठेवलं.

शनिवारी वायर ॲलेक आला. गावात ॲलेक अकरा, पैकी तारांचं काम करणारा हा. शॉना मैत्रिणीकडे गेली होती. त्यानं मला तपासलं आणि हसला. "डंकनकाका, डिस्क ठणठणीत आहे. कुणीतरी पुसलंय. पण पुसलं म्हणजे गेलं असं नसतं. अनुक्रमणिकेतलं नाव खोडलंय, आतलं पान जागच्या जागी आहे. त्याच्यावर दुसरं काही लिहिलं नाही तोवर राहील. एका दिवसात काढून देतो."

"कधी पुसलंय ते कळतं?"

ॲलेकनं पाहिलं. "गुरुवारी. पावणेचार."

स्वयंपाकघरातला नळ बंद झाला. आयलीन दारात येऊन उभी राहिली.

"काढ ती बाहेर," डंकन म्हणाला.

"धून?"

"डिस्क. तिच्यावर काही लिहिलं जायला नको. धून राहू दे."

"बाबा!" आयलीन म्हणाली. "सोमवारी त्यांना पाठवता येईल. आईचं नाव आहे त्यात!"

"पाठवली की ते विचारणार, बाहेर कशी गेली? मग काय सांगू? कॅथरीनचं नाव छापायला कॅथरीनच्या नातीला चोर म्हणू?" म्हातारा खुर्चीत बसला. "जिनं पुसली ती येऊन मागेल. तिनंच सांगायचं. तोवर या घरात कुणी तोंड उघडायचं नाही."

त्यानं माझ्या पाठीवर पट्टी चिकटवून शॉनाचं नाव लिहिलं, बिस्किटांचा डबा रिकामा केला, मला आत ठेवलं आणि कपड्यांच्या दोरीवरचे दोन चिमटे आणून माझ्याशेजारी ठेवले. माझ्या तोंडात पुरावा होता आणि तोंडावर पत्र्याचं झाकण बसलं. खरं सांगते, त्या दिवशी मला म्हाताऱ्याचाही राग आला. मला खरं ठरवायची संधी त्यानं नातीच्या लाजेसाठी बाजूला ठेवली. माझ्या निर्दोषपणाची किंमत कुणालाच नव्हती.

सीडी निघाली. तिच्यात अकराच धुना होत्या.

डंकननं शॉनाला एका शब्दानं विचारलं नाही. फक्त पुढच्या रविवारी फिडल काढताना म्हणाला, "पियानोवर आज आयलीन बसू दे." त्यानंतर दर रविवारी आयलीनच बसली. शॉना वरच्या खोलीत असायची. ओरडला असता, मारलं असतं, तर पोर रडून मोकळी झाली असती. शाळा संपताच ती बापाकडे अल्बर्टाला निघून गेली, तिकडेच नोकरीला लागली, तिकडेच लग्न केलं.

मी पियानोवर, डब्यात. पत्र्याला कान नसतात, पण झाकणाच्या फटीतून थोडं ऐकू येतं, थोडं दिसतं, आणि फिडल वाजली की पत्रा थरथरतो. मला तेवढं पुरत होतं. म्हातारा सगळ्यांच्या धुना वाजवायचा, सगळ्यांची नावं घ्यायचा. कॅथरीनची दोरी त्यानं पुन्हा कधी वाजवली नाही.

दर ख्रिसमसला तो फोनवर विचारायचा, "येतेस का?" आणि ती म्हणायची, पुढच्या उन्हाळ्यात. अखेर आली, आठ वर्षांनी. चहा झाल्यावर डंकन सहज म्हणाला, "पियानोवर डबा आहे बघ. त्यात तुझी एक वस्तू आहे."

झाकण उघडलं. केवढा उजेड! शॉनाचा चेहरा माझ्यावर वाकला होता, थोडा भरलेला, कपाळावर एक आठी. तिनं मला ओळखलं. चिकटपट्टीवरचं नाव वाचलं. बोटानं एक चिमटा उचलला आणि परत ठेवला. मला वाटलं, आता हाक मारेल, आजोबा म्हणेल, एवढंच तर म्हणायचं होतं. तिनं झाकण लावलं. आवाज होऊ नये म्हणून हलकेच लावलं.

"बिस्किटं संपलीत की," ती म्हणाली.

"हो," दारातून म्हातारा म्हणाला. "संपली."

यानंतर डंकन जॉन रॉरी बरीच वर्षं जगला. थकला, बोटं वाकडी झाली, फिडल पेटीत गेली आणि राळ, तुटक्या तारा माझ्या डब्यात आल्या. गेल्या मार्चमध्ये तो गेला. वय एक्याण्णव. त्याच्या इच्छेप्रमाणे दफनापर्यंत त्याला घरातच, पुढच्या खोलीत ठेवलं. दोन दिवस गाव येऊन जात होतं. स्वयंपाकघरात सँडविचेस आणि चहा, कोपऱ्यात म्हाताऱ्यांचे विनोद, मध्येच जपमाळ. शॉना विमानानं आली. पियानोपाशी उभी राहून ती येणाऱ्याजाणाऱ्यांचे हात हातात घेत होती. तिच्या कोपराला माझा डबा लागत होता.

दुसऱ्या दिवशी दुपारी कॉलम आला. आता तिशी उलटलेला, बेटावरचा नावाजलेला वादक. तो शवपेटीपाशी गुडघे टेकून उठला, फिडल काढली आणि शॉनाजवळ येऊन हळू आवाजात म्हणाला, "ती धून वाजवीन म्हणतो. मेळ्यात वाजवली होती ती. काकांनी मला दोन सूर विचारले होते, मी कधी विसरलो नाही."

शॉनानं शवपेटीकडे पाहिलं.

"फक्त सांग, नाव काय घेऊ? या घरात नाव घेतल्याशिवाय वाजवत नाहीत, म्हणून विचारतो."

त्याला ठाऊक होतं, असं मला आता वाटतं. एवढ्या वर्षांत गावात काय लपतं? स्वयंपाकघरातली बडबड थांबली. आयलीन हातातलं फडकं घेऊन दारात आली. बर्निसबाई जपमाळ ओढायच्या थांबल्या. सगळ्यांना एकच ऐकायचं होतं. तिनं नुसतं 'आजोबांची' म्हटलं असतं तरी गावानं पुढचं काही विचारलं नसतं.

"तू नेहमी जे सांगतोस, तेच सांग," शॉना म्हणाली.

कॉलम तिच्याकडे बघत राहिला. मग त्यानं मान खाली घातली, फिडल हनुवटीखाली घेतली आणि नाव न घेताच वाजवायला सुरुवात केली. त्या घरात नाव न घेता वाजलेली ती पहिली धून. पत्रा थरथरला. सुरेख वाजवली त्यानं, खोटं कशाला बोलू. पण सुरुवात झाली ती उंबरठा ओलांडून आत आल्यावरच. चिमटे नव्हते. ते दोन्ही चिमटे माझ्याशेजारी होते आणि जिच्या कोपराला डबा लागत होता तिला ते ठाऊक होतं. चाल संपेपर्यंत तिनं डोळे उघडले नाहीत. दुसऱ्या दिवशी दफन झालं आणि संध्याकाळच्या विमानानं ती गेली.

आयलीन रोज पियानो पुसते. माझा डबा उचलून खालची धूळ पुसते आणि परत ठेवते. उघडत नाही. बापाला दिलेला शब्द ती पाळतेय. पण मी काही अमर नाही. माझ्यातलं वंगण सुकत चाललंय. खोलीत शेकोटी पेटते आणि विझते, तसं माझ्यातलं लोखंड फुगतं आणि आकसतं. ॲलेकसुद्धा आता म्हातारा झालाय. कधीतरी मला कुणी जोडेल आणि मी फिरणारच नाही. मग जगात उरेल ती फक्त कापलेली धून. नॉर्वेत, बॉस्टनमध्ये आणि आता तर म्हणे प्रत्येकाच्या खिशातल्या फोनमध्ये.

शॉना, हे तुला सांगतेय. तू मला फालतू म्हणालीस, ते मी सोडून दिलं. तू फुकट घेतलंस, फुकट वाटलंस, त्याचंही मला आता काही वाटत नाही. तो म्हाताराही पैशांसाठी रडला नाही कधी. ये आणि धून काढून घे. हवी त्याला दे, सगळ्या जगाला फुकट दे. फक्त सुरुवातीची अकरा सेकंदं कापू नकोस. तिथे तुझा आजोबा घसा साफ करतोय, तुझ्या आजीचं नाव घेतोय, आणि मागे पियानोवर बसलेली तू श्वास रोखून त्याच्या पायाची वाट बघतेयस.